ऐनाखालची रेंज

"सुनीलदादा, आपण चुकीच्या जागी आलोय," ईशा गाडीतून उतरता उतरता म्हणाली.

जागा बरोबर होती. इथवर येणारा मुरुमाचा रस्ता आम्हीच केला होता, तो मी अंधारातही ओळखला असता. समोर भाताची खाचरं असायला हवी होती. बांधावर एक जुनं ऐनाचं झाड, त्याच्या बुंध्याशी खळं आणि मागे दामूतात्याचं कौलारू घर. त्याऐवजी समोर लोखंडी फाटक होतं. आत लाल मातीचा भराव घालून सगळी जमीन सपाट केली होती आणि चुन्याच्या रेघा मारून प्लॉट पाडले होते. कुंपणाबाहेर घर तसंच दिसत होतं. ऐन नव्हता.

आमचा कॅमेरामन मंदार फाटकाच्या जाळीतून आत डोकावला. "दादा, झाड?"

"बघतोय," मी म्हणालो. बघण्यासारखं काही नव्हतं, पण काहीतरी बोलायला हवं होतं.

मी लोकेशन मॅनेजर आहे. म्हणजे दिग्दर्शकाच्या डोक्यात जी जागा असते ती जमिनीवर शोधून द्यायची. मालकाला राजी करायचं, परवानग्या आणायच्या, गाड्या कुठे लावायच्या आणि बायकांची बाथरूमची सोय कुठे, तेही आम्हीच बघायचं. शूटिंग सुरळीत झालं तर आमचं नाव कुणी घेत नाही. बिनसलं की मात्र पहिली हाक आम्हालाच. मी मूळचा कर्जतचा. मुंबईहून येणाऱ्या युनिटना तीच नदी, तोच धबधबा आणि तीच फार्महाऊसं दाखवण्यात माझी बरीच वर्षं गेली. त्यामुळे ईशाचं काम आलं तेव्हा मला खरंच बरं वाटलं होतं.

तिचा हा पहिलाच सिनेमा. युनिट इतकं लहान की जेवायला सगळे एका पंगतीत बसायचे. गोष्ट साधी होती. मुलगी इकडे, खोपोलीतल्या एका कारखान्याच्या लॅबमध्ये कामाला. मुलगा कॅनडात. दोघं फोनवर बोलतात, भांडतात, रुसतात, परत बोलतात. शेवटी तो येतो. त्याचं येणं हा शेवटचा सीन. सिनेमाचं नाव काही ठरलं नव्हतं, पण शेवट पक्का होता. पहिल्याच भेटीत ईशाने मला सांगितलं होतं, "दादा, बाकी काहीही कमीजास्त झालं तरी चालेल. शेवट झाला नाही तर हा पिक्चरच नाही."

सिनेमातले फोन आधी गच्चीवर लिहिले होते. ते शेतात आले ते दामूतात्यामुळे. आम्ही रेकीला, म्हणजे जागा बघायला, खालापूर तालुक्यात हिंडत होतो. गावाचं नाव सांगत नाही, तात्याला त्रास नको. डोंगराच्या कुशीतलं गाव, तिथे कुणाच्याच मोबाईलला धड रेंज नव्हती. बांधावरून चाललो होतो, तर समोर ऐनाखाली एक म्हातारा एक पाय दगडावर ठेवून, मान वाकडी करून फोनवर ओरडत होता.

"आयकू येतंय का रं? ज्येवलास का? हां, आता येतंय. हलू नको तू, तिथंच ऱ्हा."

पलीकडचा माणूस कुठे लांब आणि हा त्याला सांगतोय, हलू नको. आम्हाला हसू आलं. फोन झाल्यावर तात्या स्वतःच म्हणाला, "गावात रेंज नाय. आमच्या शेतात एवढ्याच ठिकाणी हाय. पोरगा आधी साजगावच्या कारखान्यात व्हता. तो बंद पडला, तवा गेला बडोद्याला. आता त्याला भेटायचं म्हंजी ह्याच झाडाखाली."

ईशाने तिथेच दगडावर बसून मंदारला सांगितलं की सिनेमातले सगळे फोन आता इथेच होणार. मुलीच्या घरात रेंज नाही, म्हणून ती रोज कामावरून आली की शेतात येते. आणि शेवटी तो येतो तेव्हा तो तिला घरी नाही, ह्याच झाडाखाली भेटतो. ती इतकी खूश झाली होती की तात्याला वाकून नमस्कारच केला. तात्या गांगरला.

अडचण एकच होती, रस्ता. तात्याची जमीन आत होती आणि पुढे चुलतभावाचं शेत. पायवाटेने माणूस जाईल, पण जनरेटरची गाडी आणि सामानाचा टेंपो कसा न्यायचा? त्यात आम्हाला शूट करायचं होतं भात हिरवं असताना, म्हणजे चिखलात. मी तात्याशी भाड्याचं बोलायला बसलो.

"भाडं नको," तात्या म्हणाला. "तुमची गाडी यायला रस्ता लागंल ना? मुरूम टाकून चांगला रस्ता करा. आन जाताना तो मोडू नका. झालं."

"आणि चुलतभाऊ?"

"त्याला तुमी इचारा. मी इचारून इचारून थकलो. मला नाय द्यायाचा तो."

मी चुलतभावाकडे गेलो. तात्याला त्याने बैलगाडीपुरतीही वाट दिली नव्हती. शूटिंगसाठी म्हटल्यावर लगेच हो म्हणाला. अट एकच, त्याचा नवा ट्रॅक्टर एका तरी शॉटमध्ये दिसला पाहिजे. आम्ही दाखवला. हिरोईन विचारात पडून चाललेली असते आणि मागून कारण नसताना ट्रॅक्टर जातो.

आमचे प्रोड्यूसर राजनसर फोनवर उड्याच मारायला लागले. "बिनभाड्याची जागा! दादा, तुम्हाला मानलं." मीही कॉलर ताठ करून घेतली. पावसाच्या आधी मुरूम टाकला, रोलर फिरवला, ओढ्यावर पाइप बसवले. रस्ता मन लावून केला.

एक गोष्ट मी आठवणीने केली. आमच्याकडे भाताचं रोप टाकायच्या आधी जमिनीवर पाला, शेण, फांद्या पसरून जाळतात, त्याला राब म्हणतात. राबासाठी ऐनाच्या फांद्या, म्हणजे टाळ, छाटतात. थंडी सरता सरता बांधावरचे ऐन नुसते खुंट होऊन उभे असतात. आमचा शेवटचा सीन होता उन्हाळ्यातला. तो जातो तेव्हा सगळं हिरवं, तो येतो तेव्हा सगळं सुकलेलं, पण झाड तेच. मुंबईच्या लोकांना ह्यातलं काय कळणार? म्हणून मी तात्याला बाजूला घेतलं.

"तात्या, ह्या ऐनाची टाळ यंदा तोडायची नाही."

"नाय तोडत. राबाला दुसरीकडून आणीन."

"एक फांदीही नाही."

"सुनील, शबुद दिला ना. फांदीला हात नाय लावायचा."

पावसाळ्यातलं शूटिंग छान झालं. आमची हिरोईन केतकी झाडाखाली फोन घेऊन बोलायची. पलीकडचा आवाज नंतर भरायचा असतो, पण समोरून कुणीतरी वाक्यं म्हटल्याशिवाय नटाला बोलता येत नाही. त्याला क्यू देणं म्हणतात. हिरोची वाक्यं ईशा स्वतः कॅमेऱ्यामागून म्हणायची. कागद कधी हातात नसायचा. एकदा केतकीने तिला विचारलं, "तुला त्याचं सगळं पाठ कसं?" ईशा म्हणाली, "मीच लिहिलंय ना." आम्हाला ते पटलं.

पुढचं शेड्यूल उन्हाळ्यात. मधल्या काळात मी दुसऱ्या कामांत होतो. गावात रेंज नाही, तात्याला फोन लागायचा नाही, आणि लागला पाहिजे असंही मला वाटलं नाही. फांद्यांचा शब्द घेतला होता ना.

तर आम्ही फाटकाशी उभे होतो. आतून एक साइट इंजिनिअर आला. तरुण होता, अदबीने बोलला. शूटिंग म्हटल्यावर तर खुललाच.

"करा ना सर. मालकांना मी सांगतो. आम्हाला पण पब्लिसिटी."

"इथे एक झाड होतं," ईशा म्हणाली.

"हो मॅडम, ते लेव्हलिंगमध्ये गेलं. पण काळजी करू नका, आम्ही पाम लावतोय. मोठे, तयार."

ईशा त्याच्याकडे बघतच राहिली. मग वळली आणि तात्याच्या घराकडे चालायला लागली. मी मागोमाग धावलो.

तात्या ओटीवर बसला होता. आम्हाला बघून त्याला आनंद झाला, तो लपत नव्हता. "या, या. बाय, किती वाळलीस गं." बायकोला चहा टाकायला सांगितला. ईशा बसली नाही.

"तात्या, झाड का तोडलंत?"

"मी नाय तोडलं, बाय. मी फांदीला बी हात नाय लावला. राबाला टाळ दुसऱ्याकडनं आणली, इचार सुनीलला."

"मला काय विचारता?" मी म्हणालो. "मी आत्ताच आलोय."

"जमीन विकली, मग त्यांनी मशीन आणलं. मी बोललो त्यांना, शूटिंगवाली येणार हायत, उन्हाळाभर थांबा. ते हसले."

"विकायच्या आधी आम्हाला कळवायचं तरी!" ईशाचा आवाज चढला. "तुम्हाला माहीत होतं ना आम्ही परत येणार?"

"माहीत व्हतं. पर तुमी फांदीचं इचारलं व्हतं गं. जमिनीचं कुठं इचारलं?" तात्या चिडून नव्हता बोलत. खरोखर आठवून बोलत होता. "जमीन विकायची तर मनात कदीचीच व्हती. रस्ता नव्हता तवर कुणी यायचं नाय बघायला. तुमचा रस्ता झाला आन दिवाळी सरायच्या आत गिऱ्हाईक आलं. तुमचे उपकार झाले बघा."

ईशा मटकन ओटीच्या पायरीवर बसली. ज्या रस्त्यावरून आम्ही झाडापर्यंत गेलो, त्याच रस्त्यावरून ते मशीन आलं होतं. रस्ता मोडू नका ह्या अटीचा अर्थ मला आत्ता लागला. ह्या तालुक्यात रस्ता नसलेली जमीन भाताची आणि रस्ता असलेली जमीन प्लॉटची, हे इथल्या कुणालाही कळतं. मीही इथलाच. पण तेव्हा मी सिनेमावाला होऊन बसलो होतो.

"पोरगा बोलला व्हता, जमिनीचं झालं की मी परत येतो," तात्या म्हणाला. "हितंच कायतरी धंदा करतो."

"आला?" मी विचारलं.

"आला व्हता सही करायला. आता बडोद्यालाच घर बघतोय." तात्या चहाच्या कपात बघत राहिला. मग म्हणाला, "प्या ना. निवंल."

मोठ्या रस्त्याला लागल्यावर रेंज आली, तेव्हा मी राजनसरांना फोन लावला.

"झाड गेलं म्हणजे? दुसरं बघा. झाडांना काय तोटा आहे?"

"सर, निम्मा सिनेमा त्या झाडाखाली शूट झालाय. बुंधा, बांध, मागचं घर, सगळं लोकांना पाठ झालेलं असणार."

"मंदार चीट करेल."

चीट करणं म्हणजे फसवून दाखवणं. जागा दुसरीच असते, पण कॅमेरा इतका जवळ लावायचा की कळू नये. आमच्या धंद्यात हे रोज चालतं. मी साजगावच्या मागच्या बाजूला एक ऐन शोधला. वयाने तेवढाच, सालही तशीच खवल्यांची. बुंध्याशी माती टाकली, खळं सारवून घेतलं, एक दगड नेऊन ठेवला. तात्याकडून बाज आणि इरलं शूटिंगसाठी आणलं होतं, तेही मांडलं. शेजारच्या कारखान्याची घरघर येत होती, पण आवाज नंतर भरता येतो.

हिरो आला, केतकी आली. पहिला शॉट, तो मागून येतो आणि ती वळते. केतकीने जीव ओतून काम केलं. वळायच्या आधी तिने सवयीने वर बघितलं. पावसाळ्यात प्रत्येक फोन संपला की ती तशी वर बघायची, तिथे एक आडवी फांदी होती. इथे नव्हती. तिची नजर आभाळात जाऊन रिकामीच खाली आली.

मॉनिटरवर जुना शॉट आणि नवा शॉट शेजारी शेजारी लावले. मंदारने दोनदा लेन्स बदलली. मग तोच म्हणाला, "ईशा, ही दुसऱ्याच पिक्चरमधली माणसं वाटतायत."

ईशाने पॅकअप सांगितलं. दिवस अजून वर होता.

परतताना खालापूरला चहाला थांबलो. मी तिला समजवायला लागलो. अजून झाडं बघू, पनवेलपर्यंत जाऊ, कॉम्प्युटरवर जुनं झाड चिकटवता येतं का विचारू.

"राहू दे, दादा," ती म्हणाली. "तुम्हाला एक सांगते. हिरोची वाक्यं मी लिहिलेली नाहीत."

"मग कुणी?"

"निखिल कॅनडात विनिपेगला गेला, त्यानंतरची आमची फोनवरची बोलणी आहेत ती. तशीच्या तशी. फक्त शेवट माझा आहे. तो येणार होता, म्हणून मी आधीच लिहून ठेवला. मार्चमध्ये त्याने कळवलं, येत नाही. तिकडे दुसरं कुणीतरी आहे." तिने ग्लास खाली ठेवला. "मी म्हटलं, ठीक आहे. निदान एकदा कुणाला तरी त्या झाडाखाली येताना बघू. मग जाईन मी माझ्या कामाला."

माझी मुलगी तिच्याच वयाची. इतकं मोठं ओझं मनावर घेऊन ही पोरगी तो सीन करायला आली होती, आणि मी तिला दुसरी झाडं सुचवत होतो. मी आणखी दोन चहा सांगितले. तिने घेतला नाही. दोन्ही मीच प्यालो.

"मग आता शेवट?" मी विचारलं.

"शेवट नाही," ती म्हणाली.

युनिट त्याच दिवशी फुटलं. केतकी आणि हिरो मुंबईला गेले. राजनसर आधी ओरडले, मग शांत झाले, मग त्यांचा फोन लागेनासा झाला. ह्या धंद्यात माणूस असाच बाजूला होतो.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तात्याची बाज आणि इरलं परत करायला निघालो. ईशा म्हणाली, मीही येते. मंदारला आम्ही स्टेशनला सोडणार होतो, त्यामुळे तोही गाडीत होता आणि त्याचा कॅमेराही.

आमच्या रस्त्यावर वळलो. पावसाळा काढूनही रस्ता कुठे खचला नव्हता. शेवटी फाटकाशी कुणीतरी उभं दिसलं. जवळ गेलो तर तात्या. फाटकाला कुलूप होतं. तात्या जाळीला चिकटून उभा, फोन कानाला. एक हात जाळीतून आत, जेवढा जाईल तेवढा. मग त्याने फोन कानावरून काढला, स्पीकर लावला आणि फोन धरलेला हातच जाळीतून आत घातला.

"हॅलो! आयकू येतंय का रं?"

फोनमधून तुटक तुटक काहीतरी आलं.

"जरा थांब. हलू नको. हलू नको तू."

मी गाडी बंद केली. मंदारने ईशाकडे बघितलं. कॅमेरा त्याच्या मांडीवर होता, बॅगेची चेन अर्धी उघडी. उजेड उत्तम होता, हे मलाही कळत होतं. तिने फक्त हो म्हणायचं होतं.

ती म्हणाली नाही. गाडीतून उतरली, तात्याजवळ गेली आणि म्हणाली, "द्या, माझा हात बारीक आहे." तिने फोन घेतला आणि खांद्यापर्यंत हात जाळीतून आत घातला. तात्या जाळीला तोंड लावून ओरडून बोलत राहिला. ज्येवलास का, पोरं कशी हायत, कदी येणार. मधे मधे आवाज जात होता. दर वेळी ईशा हात थोडा इकडेतिकडे करायची. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि एक हात जाळीत अडकलेला असल्यामुळे तिला ते धड पुसताही येत नव्हतं.

कदी येणार, ह्याचं उत्तर आम्हाला कुणालाच ऐकू आलं नाही. फोन कट झाला.

"रेंज ग्येली," तात्या म्हणाला. ईशाने हात बाहेर काढला. दंडावर जाळीचे वळ उठले होते. मी बाज उतरवली आणि घरी पोचवली. चहाला आम्ही थांबलो नाही.

सिनेमा पुरा झाला नाही. जेवढा झाला तेवढा हार्डडिस्कवर आहे, आणि ती हार्डडिस्क राजनसरांकडे. ईशा आता जाहिरातींचं काम करते. दिवाळीला तिचा मेसेज येतो, मीही पाठवतो. तात्याच्या गावात टॉवर येणार असं ऐकतो, अजून आलेला नाही. त्या अख्ख्या सिनेमातलं टिकलेलं काम म्हणाल तर तो रस्ता. परवा एका युनिटला प्लॉटिंगमधलं गार्डन हवं होतं, तर त्याच रस्त्याने गेलो. पाम जगलेत.

माझ्या कामात एवढाच फरक पडलाय की जागा दाखवायला गेलो की झाड, नदी, घर हे सगळं मी नंतर बघतो. आधी मालकाजवळ बसतो आणि विचारतो, हे शूटिंग संपल्यावर तुम्ही ह्या जमिनीचं काय करणार? बरेच जण हसून उडवून लावतात. तात्याने खरं सांगितलं असतं.